खिशातला फ्यूज

माझ्या पहिल्या घरमालकांनी माझ्याशी बोललेलं पहिलं वाक्य होतं, "जिवंत हाय."

नवीन नोकरी लागली आणि मी सोनपेठला आले. जिल्हा परिषदेच्या शाळेत चौथीचा वर्ग मिळाला होता आणि राहायला एका घराची वरची खोली. परभणीहून आई सोबत आली होती. ती शेगडी मांडत होती, मी कपाटात वर्तमानपत्रं अंथरत होते. तेवढ्यात दार ढकलून एक उंच, वाळके, रबरी चपला घातलेले गृहस्थ आत आले. आमच्याकडे बघितलंसुद्धा नाही. सरळ बोर्डापाशी गेले, डावा हात पाठीमागे धरला, उजव्या हातातला टेस्टर प्लगच्या भोकात घातला, बटन दाबलं, वाकून पाहिलं, "जिवंत हाय" म्हणाले आणि आले तसे निघून गेले.

आई म्हणाली, "अगं बाई! कोण गं हे?"

"मालक असतील."

"आणि जिवंत कोण?"

याचा उलगडा व्हायला मला आठ दिवस लागले. मालक, म्हणजे काका, वायरमन होते. चौतीस वर्षं खांबांवर काढून निवृत्त झालेले. खांब सुटले होते, वायरी सुटल्या नव्हत्या. गल्लीत कुणाचा पंखा कुरकुरला, कुणाची पाण्याची मोटार बसली की काका पक्कड घेऊन हजर. वायरीला हात लावण्याआधी ती मेलेली आहे का हे टेस्टरनं बघायचं, हे कुणीही सांगेल. पण टेस्टरच मेलेला असेल तर? म्हणून आधी जिथं करंट नक्की आहे तिथं टेस्टर बघायचा, मग वायर बघायची, मग परत जाऊन टेस्टर बघायचा. स्वतःच्या घरात काम काढलं की काका मेन बंद करणार, म्हणजे त्यांच्या हिशोबानं घरात करंट कुठेच नाही. माझ्या खोलीचं मीटर वेगळं. म्हणून मग दर कामाला दोनदा माझं दार.

"मेलेल्या टेस्टरला सगळ्याच वायरी मेलेल्या दिसत्यात, मॅडम," ते म्हणायचे.

मी वेणी घालत असो, वह्या तपासत असो, काका येणार, "जिवंत हाय" म्हणणार आणि जाणार. एकदा मला बघायला पाहुणे आले होते. मुलाची आई मला भाकरी थापता येते का विचारत होती, मी खोटं बोलायच्या बेतात होते, आणि काका आले. त्यांनी टेस्टर घातला, "जिवंत हाय" म्हणाले, पाहुण्यांना एक नमस्कार ठोकला आणि गेले. ते स्थळ पुढे जमलं नाही. त्याचं कारण काका नव्हते, माझी भाकरी होती, पण आई अजूनही काकांनाच धरते.

आता काका ऐंशीच्या घरात आहेत. मी परभणीत स्वतःच्या घरात राहते. महिन्यातून एकदा तरी फोन करते. ते फोन उचलून हॅलो म्हणत नाहीत, काय म्हणतात ते सांगायला नको.

त्यांचा जगातल्या कुठल्याच बटनावर विश्वास नव्हता. "बटन तुमी बंद केलं, ते तुमाला ठाऊक. वायरीला कुनी सांगितलं?" असा त्यांचा प्रश्न असायचा. देवापुढं ते चपला काढायचे आणि मीटरपुढं घालायचे. वायरीपाशी काम असलं की डावा हात कायम पाठीमागे, कारण एका हाताला करंट बसला तर माणूस ओरडतो आणि दोन हातांतून गेला तर ओरडतही नाही. पुढे पुढे ही सवय इतकी अंगात मुरली की गरम दुधावरचं झाकण काढतानासुद्धा डावा हात मागे जायचा. काकू म्हणायच्या, "आवो, दूध हाय ते! चावत न्हाई!"

काकू म्हणजे बुटक्या, गोल, हसऱ्या. ओसरीत शिलाई मशीन होतं, त्यावर गल्लीभराची पोलकी शिवायच्या. आणि काकांचे खिसे. होय, खिसे. काकांच्या प्रत्येक सदऱ्याच्या डाव्या खिशाला काकू आतून दुहेरी कापड लावायच्या, कारण त्या खिशात फ्यूज असायचा. कुठंही काम काढलं की काका बोर्डातला चिनी मातीचा पांढरा फ्यूज उपसायचे आणि खिशात टाकायचे. नुसता काढून बाजूला ठेवायचा नाही. टेबलावर नाही, खिडकीत नाही, घरधन्याच्या हातातसुद्धा नाही. ज्याचा हात वायरीवर, फ्यूज त्याच्याच खिशात. स्वतःच्या मुलीच्या लग्नात त्यांना रेशमी सदरा घेतला होता, त्याला खिसा नव्हता. काकांनी तो अंगात घालायला नकार दिला. मांडवातल्या लायटिंगला काही झालं तर फ्यूज ठेवू कुठं? अखेर हळदीच्या दिवशी काकूंनी रेशमी सदऱ्याला सुती खिसा लावला, तेव्हा कुठे नवरीला बाप मिळाला.

मी एकदा विचारलं, "काका, एवढं काय त्या खिशाचं?"

तेव्हा त्यांनी खांबावरून पडल्याची गोष्ट सांगितली. चारठाण्याकडं नोकरीला होते, तरुण होते. एका वस्तीवर खांबावर चढले. फ्यूज उपसून खाली पेटीवर ठेवला होता. वर काम चालू असताना गावातला एक भला माणूस तिथून गेला. त्याला दिसलं, पेटी उघडी आणि फ्यूज बाहेर पडलेला. पडला असेल बिचारा, म्हणून त्यानं तो उचलून जागेवर घातला. काका खांबावरून उडाले ते थेट कडब्याच्या गंजीवर पडले. खांद्याचं हाड मोडलं, जीव वाचला. तो डावा खांदा तेव्हापासून जरा उतरताच राहिला.

"मग त्या माणसाला काय केलं तुम्ही?"

"काय करायचं? दवाखान्यात शिरा घिऊन आला की रोज. लय रडला. त्याची काय चूक, मॅडम? फ्यूज न्हाई दिसला, त्यानं घातला. चूक माझी. म्या त्यो माझ्यापासून लांब ठिवला."

ज्यानं आपल्याला खांबावरून खाली पाडलं त्याचा शिरा आठवणारा माणूस मी दुसरा बघितला नाही.

पण या खिशाचे हाल गल्लीला भोगावे लागायचे. आमच्या शाळेचे मुख्याध्यापक समोरच राहायचे. मे महिन्यात एका सकाळी काकांनी त्यांचा पंखा दुरुस्त केला. काम संपलं, चहा झाला. काकांना चारठाण्याला लग्नाला जायचं होतं, एसटीची वेळ झाली, काका गेले. इकडे सर बटन दाबतायत तर पंखा नाही, लाइट नाही, काहीच नाही. फ्यूजची जागा रिकामी. कुणीतरी म्हणालं, दुकानातून दुसरा आणून घाला. सर स्टूलवर चढलेसुद्धा. पण काकूंनी अंगणातून बघितलं आणि पदर खोचून धावल्या. "खबरदार! फ्यूज खिशात हाय म्हनजे मानूस वायरीवर हाय!"

"अहो वहिनी, माणूस एसटीत आहे!"

"ते तुमाला काय ठाऊक? त्यायचा त्यो नेम हाय."

काका देवगाव फाट्याला गाडी बदलायला उतरले, तिकीट काढायला खिशात हात घातला आणि फ्यूज हाताला लागला. तिथूनच त्यांनी सरांना फोन केला. "सर, फ्यूज माझ्यापाशी हाय. कुनी हात लावू नगा. मी यायलोय." सर कळवळून सांगत होते की अहो, दुसरा घालतो, तुम्ही लग्न करून या. पण काकांनी फोन ठेवला होता. लग्न सोडून, अर्ध्या वाटेवरून माणूस परत आला. तोवर सर ओला टॉवेल डोक्यावर घेऊन उंबऱ्यात बसलेले. काकांनी फ्यूज घातला, पंखा फिरला, आणि वर सरांनाच म्हणाले, "बगा, कुनाला काय झालं का?"

या गोष्टीवरून मी काकांना वर्षभर चिडवलं. काका कुठे निघाले की मी वरून ओरडायचे, "काका, खिसा बघा! देवगाव फाटा लांब आहे!"

खरं सांगायचं तर मला करंटची लहानपणापासून भयंकर भीती. बटन दाबायलासुद्धा मी प्लॅस्टिकचा कंगवा वापरायचे. काकांनी हे पाहिलं तेव्हा ते हसले नाहीत, हे मला फार आवडलं. म्हणाले, "भ्या, मॅडम. भिनं चांगलंच. पन कशाला भ्यायचं ते नीट शिकून घ्या." मग हळूहळू मला शिकवायला लागले. टेस्टर कसा धरायचा, फ्यूजला तार कशी बांधायची, वायर किती सोलायची. त्या ओसरीत मी वर्षभरात जुनी बटनं खोलली, होल्डर जोडले, आणि कंगवा फक्त केसांसाठी ठेवला. पण सगळं शिकवलं तरी शिडीवर म्हणून चढू दिलं नाही.

"का नाही?"

"तुमच्या डिरेसला खिसा न्हाई."

"मी पर्समध्ये ठेवते फ्यूज."

"पर्स खुर्चीवर ऱ्हाती. खिसा अंगावर ऱ्हातो."

"ओढणीला गाठ मारते."

"गाठ सुटती, मॅडम."

माझ्यातल्या मास्तरणीला याचा संताप यायचा. जगातल्या समस्त शिंप्यांनी बायकांच्या कपड्यांना खिसे शिवले नाहीत, त्याची शिक्षा मला का? पण काका हसून पक्कड उचलायचे आणि आपणच वर चढायचे.

मग एक दिवस ते वर माझ्या खोलीत आले. डावा हात मागे, टेस्टर पुढे. मी कणीक मळत होते. टेस्टरचं टोक प्लगच्या भोकाभोवती टकटक करायला लागलं. वर लागलं, खाली लागलं, बाजूला लागलं. भोकात जाईना. मी बघितलं, काकांचा हात थरथरत होता. थोडाथोडका नाही, चांगला हलत होता. मी मान खाली घातली आणि कणीक मळत राहिले, परातीत आता मळण्यासारखं काही उरलं नव्हतं तरी. टकटक थांबली. काका 'जिवंत हाय' न म्हणताच जिना उतरून गेले.

त्यानंतर ते वर यायचेच थांबले. गल्लीतलं कुणी बोलवायला आलं की "खांदा दुखायलाय" म्हणायचे. चहा कपबशीऐवजी पेल्यातून प्यायला लागले, दोन्ही हातांनी धरून. मला वाईट वाटायचं. भलत्या वेळी दार उघडणारं माणूस नसलं की खोली किती मोठी वाटते, हे मला तेव्हा कळलं. काकू खाली मशीन चालवत राहायच्या.

आणि नेमकं तेव्हाच त्या गोळ्याचं काम निघालं.

काकांच्या बैठकीत छताच्या मधोमध दुधी काचेचा एक गोळा साखळीला टांगलेला होता. तरुणपणी काकांनी हैदराबादहून मांडीवर ठेवून आणलेला. पुढे भिंतींवर ट्यूबलाइटच्या नव्या पट्ट्या लागल्या, गोळा लावायचं बंद झालं. दिवा जाऊन किती वर्षं झाली, भिंतीवरच्या सात बटनांपैकी त्याचं बटन कुठलं, हे कुणाला आठवत नव्हतं. साखळी गंजली होती, वायरीवरचं रबर तडकून पापुद्रे निघत होते. आणि त्या गोळ्यापासून दोन वितींवर पाळण्याची कडी होती.

मुलगी बाळंत होऊन घरी आली होती. नात झाली होती. मंगळवारी बारसं होतं, पाळणा त्या कडीला टांगायचा होता. काकूंनी सांगून टाकलं, "त्या गोळ्याखाली म्या लेकराला निजवनार न्हाई. त्यो काढा आन वायरी नीट बंद करा."

"करतो," काका म्हणाले.

बुधवारी म्हणाले, शिडी ओली आहे. गुरुवारी म्हणाले, आज अमावस्या. शुक्रवारी काकू म्हणाल्या, स्टँडवरच्या मेकॅनिकला बोलवू. काका जेवणाच्या ताटावरून उठले.

"चौतीस वर्सं म्या दुसऱ्याच्या घरात उजेड केला. माझ्या घरात परका येऊन वायर बांधनार? लोक काय म्हनतील? वायरमनचे हात गेले म्हनतील!"

 ओसरीत काकू, त्यांची मुलगी, मी, तिघीही जमिनीकडे बघत बसलो. हात गेले हा शब्द पहिल्यांदा त्या घरात उच्चारला गेला होता, आणि तो त्यांनीच उच्चारला होता.

शनिवारी गच्चीवर वाळत घातलेला माझा निळा कुर्ता गायब झाला. वारा होता, म्हटलं उडाला असेल. संध्याकाळी काकू वर आल्या, घडी घातलेला कुर्ता माझ्या हातात दिला. त्याला डाव्या बाजूला खिसा लावलेला होता. खाकी. काकांच्या जुन्या गणवेशाच्या सदऱ्याचं कापड, आतून दुहेरी, कडेला दोन-दोन टिपा.

"उद्या घाल, माय," एवढंच म्हणाल्या आणि डोळे पुसत जिना उतरल्या.

रविवारी सकाळी मी तो कुर्ता घालून बैठकीत जाऊन उभी राहिले. निळ्यावर खाकी, दिसायला अगदी विचित्र. काका खुर्चीत बसून गोळ्याकडे बघत होते. त्यांनी मान वळवली. आधी खिसा दिसला, मग मी दिसले. बराच वेळ ते त्या खाकी तुकड्याकडे बघत राहिले. त्यांनी तो ओळखला असणारच.  आता ओरडतील, हाकलून देतील, नाहीतर त्याहून वाईट म्हणजे रडतील, असं वाटत होतं.

काका उठले. चपला घातल्या. मेन बंद केलं, फ्यूज उपसला आणि तळहातावर धरून माझ्यापुढे केला. पांढरा फ्यूज त्या हातावर थरथरत होता. मी तो उचलला आणि खिशात टाकला.

"बटन दाबून झाकण लावा," काका म्हणाले. खरंच, काकूंनी खिशाला झाकण आणि बटनही लावलं होतं.

टेस्टर घेऊन मी पळत माझ्या खोलीत गेले, प्लगमध्ये घालून बघितला, पेटला. खाली आले. शिडी लावली. काकांनी दोन्ही हातांनी शिडी धरली आणि मी चढले. त्यांच्या हातांची थरथर शिडीतून माझ्या तळपायांपर्यंत येत होती. आम्ही दोघांनीही शिडी हलतेय असं म्हटलं नाही. गोळा काढून मी खाली काकूंच्या हातात दिला. छताजवळ वायरी झाकणाऱ्या वाटीचे स्क्रू सोडवले, वाटी खाली ओढली, दोन वायरी दिसल्या. डावा हात पाठीमागे घेतला आणि टेस्टर लावला.

टेस्टर पेटला.

मला आधी कळेचना. फ्यूज माझ्या खिशात होता, मेन बंद होतं, मी खिसा चाचपला, फ्यूज होता! आणि लाल ठिपका माझ्या डोळ्यांसमोर जळत होता. माझ्या तोंडून आपोआप निघालं, "काका, जिवंत हाय."

"उतरा," काका म्हणाले. "सावकाश. कशाला हात लावू नगा."

मी उतरले. काका पांढरे पडले होते. ते बोर्डापाशी गेले, वायरी निरखल्या, आणि मग कोपऱ्यातल्या इनव्हर्टरकडे वळले. दोन वर्षांपूर्वी जावयानं तो बसवून घेतला होता. काका त्याला 'डबा' म्हणायचे आणि त्याच्याकडे बघायचेही नाहीत. त्या वेळी गोळ्याची वायर जुन्या लाइनवर आहे असं काकांना वाटलं होतं. बसवणाऱ्यानं बैठकीचा सगळा बोर्डच त्यावर टाकला होता, म्हणजे मेन बंद झालं की डबा बॅटरीवरून करंट द्यायचा. गोळ्याचं बटन चालूच राहिलेलं, पण दिवाच गेलेला, मग कळणार कसं?

काका खुर्चीत बसले. "म्या चढलो असतो तर..." म्हणाले.

"तर तुम्हीपण टेस्टर लावला असता," मी म्हणाले. "तुम्हीच शिकवलंय."

"लावला असता. पन ह्या हातानं त्यो टेकला असता का, मॅडम?"

पहिल्यांदाच ते मला असं उघड म्हणाले. उत्तर काकूंनी दिलं. "म्हनून तर खिसा शिवला की! बसलाव काय, डबा बंद करा!"

आणि काका हसले. असे हसले की आतल्या खोलीत नात जागी झाली. त्यांनी डबा बंद केला, त्याची पिन उपसली आणि काकूंना डब्यापुढे राखणीला उभं केलं. मी परत वर पळाले, टेस्टर बघितला, खाली आले, चढले, वायरी बघितल्या. दोन्ही मेलेल्या. परत माझ्या खोलीत, परत टेस्टर. जिवंत. खालून काकांचा आवाज येत होता, "घाई नगं! घाई नगं!" आणि आवाजात भलताच जोर होता.

मग तडकलेलं रबर जिथं संपत होतं तिथवर वायरी कापल्या. एकेका वायरीला वेगळी टोपी, वेगळी टेप. दोघींची तोंडं एकमेकींपासून लांब, मोकळा तांबा नखाएवढासुद्धा बाहेर नाही. दुमडून आत बसवल्या. मग भिंतीवरच्या बोर्डातलं त्या वायरीचं टोकही सोडवून तसंच बांधलं, कारण काका म्हणाले, एकच टोक बांधलं तर उद्या कुणीतरी बटन दाबून तिला उठवेल. शेवटी छताला गोल पांढरी प्लेट लावायची होती. ती लावण्याआधी काका म्हणाले, "आतून ल्ह्या."

"काय लिहू?"

"ल्ह्या. हितं वायर हाय. बंद हाय असं समजू नगा. तपासा."

मी शाळेतल्या सुवाच्य अक्षरात लिहिलं. कधीतरी पन्नास वर्षांनी ती प्लेट खोलणाऱ्या अनोळखी माणसाची काळजी त्या हलत्या हातांना तेव्हा लागली होती. मी प्लेट घट्ट बसवली. छत स्वच्छ, मोकळं. काकूंनी लगेच पाळणा टांगला आणि त्यात आधी नारळ निजवून बघितला.

काका गल्लीतल्या लोकांना बोलावून प्लेट दाखवायला लागले. काकूंनी माझ्या तोंडात शिरा कोंबला. मला परभणीला आईकडे जायचं होतं, एसटीची वेळ झाली होती. मी तशीच पळाले.

गंगाखेड जवळ आलं तेव्हा वाहकानं उरलेले सुटे पैसे आणून दिले. आयुष्यात पहिल्यांदा खिसा मिळालेला, म्हटलं त्यातच टाकू. बटन काढलं, हात घातला, आणि बोटांना गार, जड काहीतरी लागलं.

"अगं आई गं!" मी ओरडले. शेजारच्या बाईंनी आपली टोपली मांडीवर ओढून घेतली.

काकूंना फोन लावला. "काकू, फ्यूज माझ्यापाशी आहे! कुणाकडून तरी दुसरा घालून घ्या. सॉरी हो, सॉरी!"

पलीकडून काकांचा आवाज आला. "कुनी हात लावनार न्हाई. तुमी या."

"अहो काका, बाळ आहे घरात..."

"बाळ लिंबाखाली निजलंय, गार वाऱ्यात. तुमी निवांत या." आणि फोन ठेवला. आवाजात आनंद मावत नव्हता, हे मला एसटीच्या खडखडाटातही ऐकू आलं.

गंगाखेडला उतरले, परतीची गाडी पकडली. गल्लीत शिरले तर काकांच्या दारात हीऽऽ गर्दी. मुख्याध्यापक सर सगळ्यांत पुढे, कमरेवर हात ठेवून. दोन वर्षं त्यांनी या क्षणाची वाट बघितली असणार.

"या मॅडम! देवगाव फाट्यापर्यंत गेला होता का?"

सगळी गल्ली हसली. मी मान खाली घालून आत गेले. डबाही बंदच ठेवलेला, काकू हातपंख्यानं मुलीला वारा घालत होत्या. हसत हसत मला म्हणाल्या, "सर दुसरा फ्यूज घिऊन आलते, माय. ह्यायनी दारातच आडवलं. म्हने, वायरमन भाईर गेलाय. त्यो आल्याबगर फ्यूज लागत न्हाई."

बोर्डापाशी काका उभे होते. रबरी चपला, उतरता खांदा. मला बघून ते बाजूला सरकले आणि जागा मोकळी करून दिली. मी चपला काढायला वाकले होते, सवयीनं.

"आं, आं," काका म्हणाले. "ऱ्हाऊ द्या."

मी चपला पायात ठेवल्या. डावा हात पाठीमागे घेतला, खिशाचं बटन काढलं आणि फ्यूज जागेवर बसवला.